काना-मात्रा

ताराबाई पार्कात नऊच्या ठोक्याला पोचलो,
तर रांग आधीच फाटकाबाहेर.
पुढं एक पोरगं, कोरं, मिसरूड फुटायचं बाकी,
मागं एक पैलवान,
फोटोसाठी केस ओले करून आलेला.

माझं लायसन जुनं, पुस्तकासारखं,
घामानं पानं चिकटलेली,
फोटोतला निम्मा चेहरा शिक्क्याखाली गेलेला.
त्याच्यावर वीस वर्षं टेम्पो हाकलाय.
गुळाच्या ढेपा, सरकी पेंड,
एकदा तर कागलच्या लग्नाचं अख्खं बँडपथक,
ढोलासकट.

आता म्हणे नवं कार्ड.
देशभर एकच मापाचं, एकच रंगाचं,
नाव कुठं, चिप कुठं, सगळं दिल्लीत ठरलेलं.
काश्मीरच्या पोलिसानं बघू दे नाहीतर केरळच्या,
माणूस एकच दिसला पायजे.
बरोबर हाय की.
मला तरी मी रोज एकच कुठं दिसतो?

खिडकीत नवा पोरगा. पाटीवर बोरकुटे.
लांबचा असणार, चंद्रपूरकडचा वगैरे.
"कशावर आलात?"
टेम्पो घेऊन आलो, म्हटलं.
त्यानं वर बघितलं, मग फॉर्मवर,
मग परत वर.
फॉर्मवर लिंगाच्या चौकटीत स्त्री,
समोर हातभर हिरव्या बांगड्या,
आणि तोंडात आलो, बसलो, निघालो.
"मॅडम, तुम्ही आलो का म्हणता?"
साहेब, आमच्याकडं बायकाबी आलोच म्हणत्यात.
माझी आई म्हणायची, आता सून म्हणते.
आल्याशी मतलब.
हसला. चांगलं हसला, कुजकं नाही.

मग कागद पसरले त्यानं, पत्त्यांचा डाव मांडल्यासारखे.
दाखल्यावर शालन दत्तू खोत.
रेशनवर शालाबाई.
आधारवर शालिनी आनंदा पवार,
ते शालिनी कुणी घातलं, देव जाणे.
जुन्या लायसनवर शालन आनंदा पोवार.
"यातल्या नेमक्या तुम्ही कोण?"

हे मला लग्नातबी कुणी विचारलं नव्हतं.

"शालन खोडून शालिनी करता येईल, अर्ज द्या.
पण पवार की पोवार?"
पोवार.
"आधारला पवार आहे. जुळत नाही. मशीन घेत नाही."
एक काना, एक मात्रा.
तेवढ्यानं काय हुतंय ओ?
"तेवढ्यानंच होतं, मावशी.
माणूस एक, लायसनं तीन,
एक जप्त झालं की दुसरं खिशातून काढतात.
म्हणून तर हे सगळं."

मी गप्प.
शिरोली फाट्यावर आमच्या धाकट्या दिराला उडवला,
त्या ड्रायव्हरच्या खिशात दोन लायसनं निघाली होती,
दोन नावांची, एकाच तोंडाची.
त्यातलं एक आधीच रद्द झालेलं.
दीर गेला, त्याला बारा वर्षं झाली.
त्याची मोटरसायकल अजून गोठ्यात उभी हाय,
कोंबड्या बसत्यात सीटवर.

काढा, म्हटलं.
काढा तो काना, काढा ती मात्रा.
"मान सरळ. हसू नका. पदर कानामागं."
कॅमेऱ्याचा डोळा, अंगठ्याखाली हिरवा उजेड,
आणि सही.
सही करताना हात पोवारच लिहायला निघालेला,
प च्या पुढं दमानं थांबवला,
चढाला गाडी थांबवावी तसा.

तीन आठवड्यांनी पोस्टमन आला.
गुळगुळीत कार्ड, कोपऱ्यावर सोनेरी चौकोन.
नातवानं इंग्रजी वाचून दाखवलं
आणि म्हणाला, आज्जी, ही कोण?
चिपमधली, म्हटलं. सरकारी. लई गुणाची हाय,
कधी उशीर करत नाही.

परवा कोगनोळीच्या नाक्यावर गाडी अडवली.
पलीकडचा हवालदार, मराठी वाचेना,
पण कार्ड यंत्रावर धरलं आणि त्याला सगळं कळलं,
माझा जन्म, माझं रक्त, माझी मुदत.
एकदा कार्डाकडं बघितलं, एकदा माझ्याकडं,
कार्ड परत दिलं.
होग्री, म्हणाला.
येतो, म्हटलं,
आणि पहिला गिअर टाकला.